दादाला मारणारे तिसऱ्या दिवशी सुटले. जामिनाविरुद्ध अपील करता येतं का?

शेवंती | रविवार, रात्री १०.४०

नमस्कार. इथं बरीच वर्षं नुसती वाचतेय. पहिल्यांदाच धागा काढतेय, तोही घरच्या दुखण्यावर. सांभाळून घ्या.

जूनमध्ये पेरणीच्या तोंडावर बांध कोरण्यावरून भावकीत वाद झाला. वडिलांचे चुलतभाऊ आणि त्यांचे दोन मुलगे एकीकडे, माझा थोरला भाऊ एकटा. काकांनी "धरा, सोडू नका" म्हटलं. काकांच्या थोरल्या मुलानं कुऱ्हाडीचा तुंबा, म्हणजे पात्यामागची बोथट बाजू, दादाच्या डोक्यात घातला, डाव्या कानाच्या वर. धाकट्यानं पाठीत काठ्या घातल्या. वहिनी जेवण घेऊन रानात निघाली होती, तिनं हे डोळ्यांनी पाहिलं. तिनं बोंब मारली, शेजारच्या रानातली माणसं धावली, तेव्हा ते थांबले.

दादाला आधी ग्रामीण रुग्णालयात नेलं. तिथून त्याच रात्री जिल्ह्याच्या गावी. सीटी स्कॅनमध्ये कवटीला तडा आणि आत थोडं रक्त साकळलेलं दिसलं. चार दिवस आयसीयू, एकूण अकरा दिवस दवाखाना. ऑपरेशन लागलं नाही, पण अजून चालताना त्याचा तोल जातो आणि बोलता बोलता शब्द सापडत नाही.

वहिनीनं रात्रीच फिर्याद दिली. कलमं लागली भारतीय न्याय संहितेची ११८(१), ११५(२), ३५२, ३५१(२), ३(५), म्हणजे हत्यारानं इजा, मारहाण, शिवीगाळ, धमकी आणि मिळून केलेला गुन्हा. दुसऱ्या दिवशी तिघांना अटक, तिसऱ्या दिवशी तिघंही जामिनावर घरी. दादा आयसीयूत होता आणि हे लोक आमच्याच दारावरून मोटारसायकलनं गेले. आम्हाला कोर्टातून कुणी विचारलं नाही, कळवलंही नाही.

गावात कुणी म्हणतं, "जामिनाविरुद्ध अपील करा." कुणी म्हणतं, जामीन झाला म्हणजे केसमध्ये दम नाही. खरं काय? कोर्ट हे ठरवतं तरी कशावर?

पाणमळा | रविवार, रात्री ११.१५

ताई, वाचून जीव कळवळला. दादांची तब्येत आधी बघा. कायद्याचं जाणकार सांगतीलच. एक नक्की, जामीन म्हणजे निर्दोष सुटका नव्हे. केस जागेवर आहे.

काळा डगला | सोमवार, सकाळी ७.०५

शेवंतीताई, मी तालुका आणि जिल्हा कोर्टात फौजदारी काम करतो. आरोपीच्या बाजूनंही उभा राहतो, फिर्यादीच्या बाजूनंही. तुमचे कागद मी पाहिलेले नाहीत, तेव्हा जे सांगतो ते कायद्यापुरतं.

"जामिनाचं अपील" हा शब्द सगळेच वापरतात, पण मारहाणीच्या साध्या गुन्ह्यात असं अपील नसतं. खाली जामीन नाकारला तर आरोपी वरच्या कोर्टात नव्यानं अर्ज करतो. आधी सत्र न्यायालय, मग उच्च न्यायालय, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी कामकाजाच्या नव्या कायद्याच्या) कलम ४८३ खाली. जुन्या संहितेत हेच कलम ४३९ होतं. खाली जामीन दिला आणि तो तुम्हाला मान्य नसेल, तर ४८३(३) खाली सत्र किंवा उच्च न्यायालयात अर्ज करायचा की हा जामीन रद्द करा आणि आरोपीला पुन्हा ताब्यात घ्या.

असा अर्ज दोन वेगवेगळ्या कारणांनी होतो, आणि ती कारणं एकमेकांत मिसळली की चांगलं प्रकरण हातचं जातं. पहिलं कारण म्हणजे जामिनाचा आदेशच मुळात चुकीचा आहे. न्यायालयासमोर महत्त्वाचा कागद होता आणि तो बघितलाच नाही, गुन्ह्याचं गांभीर्य लक्षात घेतलं नाही, कारणंच दिली नाहीत. दुसरं कारण म्हणजे आदेश दिला तेव्हा ठीक होता, पण सुटल्यावर आरोपीनं साक्षीदाराला धमकावलं, अटी मोडल्या, पुन्हा मारहाण केली. दौलत राम विरुद्ध हरियाणा राज्य या १९९४ च्या निकालात सुप्रीम कोर्टानं सांगितलंय की जामीन नाकारणं वेगळं आणि दिलेला जामीन काढून घेणं वेगळं. काढून घ्यायला फार ठोस कारण लागतं. आदेश चुकीचा आहे एवढ्यावर तो तपासताना मात्र आरोपी नंतर कसा वागला हे बघायची गरज नसते, आदेश देताना काय बघितलं आणि काय सोडलं हे बघायचं. महिपाल विरुद्ध राजेश कुमार या २०१९ च्या निकालात हे नीट उलगडलेलं आहे.

तुमच्या लिहिण्यात मला खटकलं ते कलम. कवटीला तडा असताना ११८(१)? हाड मोडलं म्हणजे कायद्यानं ती गंभीर दुखापत. धोकादायक हत्यारानं गंभीर दुखापत केली तर ११८(२) लागतं. ११८(१) ला शिक्षा तीन वर्षांपर्यंत, ११८(२) ला कमीत कमी एक वर्ष आणि जास्तीत जास्त जन्मठेप. माझा अंदाज आहे की तिसऱ्या दिवशी मॅजिस्ट्रेटसमोर सीटीचा कागदच नव्हता.

शेवंती | सोमवार, सकाळी ९.३०

सर, सीटी त्याच रात्री झाला होता! रिपोर्ट वहिनीच्या पिशवीत होता. कुणी मागितलाच नाही. आम्हाला वाटलं दवाखान्यातून पोलिसांकडे आपोआप जात असेल.

निवृत्त शिरस्तेदार | सोमवार, दुपारी १.१०

आपोआप काही जात नाही, ताई. चौतीस वर्षं कोर्टाच्या कचेरीत काढली, त्यावरून सांगतो.

आजच्या आज तालुका कोर्टात जा आणि नकलेचा अर्ज द्या. गुन्हा रजिस्टर नंबर घाला, जामीन अर्जाचा नंबर माहीत असेल तर तोही. कोर्ट फी तिकीट लावा, वर "तातडीची नक्कल" लिहा. लोक फक्त आदेशाची नक्कल घेतात. तुम्ही तीन कागद मागा: जामिनाचा आदेश, आरोपीचा अर्ज आणि त्या अर्जावर पोलिसांनी दिलेला "से". से म्हणजे तपास अधिकाऱ्याचं लेखी म्हणणं, सरकारी वकिलांमार्फत दाखल होतं. न्यायाधीशाच्या हातात त्या दिवशी अर्ज, से, केस डायरी (पोलिसांची तपासाची रोजची नोंद) आणि दोन्ही वकिलांचं तोंडी म्हणणं एवढंच असतं. बोर्डावर, म्हणजे त्या दिवसाच्या कामांच्या यादीत, रिमांड, वॉरंट, साक्षी सगळं एकाच दिवशी. से मध्ये जे नाही ते त्यांना कुठून कळणार?

मी असे से पाहिलेत ज्यात पाच ओळी असतात. "तपास प्राथमिक अवस्थेत आहे. आरोपी साक्षीदारांवर दबाव आणतील. तरी जामीन देऊ नये." जखमी आयसीयूत आहे हेसुद्धा लिहिलेलं नसतं. आणि असेही पाहिलेत की हवालदारानं जखमीचा फोटो, एक्स-रे, हत्याराचा पंचनामा, आधीचे गुन्हे सगळं जोडलंय. दोन्हींचा निकाल सारखा लागत नाही.

दुसरं, फोनवर ई-कोर्ट्सचं ॲप घ्या. आरोपीचं नाव टाकून शोधलं की त्यानं कुठल्या कोर्टात कुठला अर्ज टाकलाय, तारीख कधीची आहे, सगळं दिसतं. हे रोज बघा. तुम्हाला कुणी कळवेल याची वाट बघू नका.

डॉ. माणदेशी | सोमवार, रात्री ९.५०

मी ग्रामीण रुग्णालयात काम करते. शेवंतीताईंच्या भावाला तपासणारी मी नव्हे, पण अशी प्रमाणपत्रं मी आठवड्याला लिहिते, म्हणून लिहावंसं वाटलं.

आमच्या इजा प्रमाणपत्रात रकाने ठरलेले असतात. इजेचा प्रकार, सेंटिमीटरमध्ये आकार, शरीरावरची जागा, इजा किती वेळापूर्वीची, कशामुळे झाली असावी, आणि शेवटी साधी की गंभीर. तुंब्याचा घाव डोक्याला बसला की कातडी फाटते. कड वेडीवाकडी असते, आजूबाजूला सूज, माती. आम्ही लिहितो "फाटलेली जखम, ५ x १ सेंमी, डाव्या कानाच्या वर, कठीण व बोथट वस्तू". कुऱ्हाड म्हटली की लोकांच्या मनात धारदार हत्यार येतं. पण तुंब्यानं मारलं असेल तर आमच्या कागदावर "बोथट" येणार, आणि कोर्टात आरोपीचे वकील म्हणणार, बघा, फिर्यादीत कुऱ्हाड आणि डॉक्टर म्हणतात बोथट! म्हणून फिर्यादीत आणि जबाबात "तुंब्यानं" हा शब्द असणं फार महत्त्वाचं. वहिनींनी तो सांगितला असेल तर दोन्ही कागद एकमेकांना धरून राहतात.

आता "साधी". रात्री दहाला रुग्ण आला, आमच्याकडे सीटी नाही. वरून जखम दोन टाक्यांची, रुग्ण शुद्धीवर. आत कवटीला तडा आहे का, हे मला बाहेरून सांगता येत नाही. अशा वेळी डॉक्टरनं "मत राखून ठेवले, सीटी अहवालासाठी पुढे पाठवले" असं लिहायला हवं. घाईत काही जण "साधी" लिहून मोकळे होतात आणि पुढं पाठवल्याची नोंद खाली बारीक अक्षरात राहते. त्यानंतर तपास अधिकाऱ्यानं लेखी पत्र देऊन, सीटी आणि डिस्चार्ज कार्ड दाखवून अंतिम मत मागायचं असतं. पत्र आलं नाही तर आम्ही आपणहून पाठवत नाही.

डिस्चार्ज कार्डावरच्या तारखा जपा. जुन्या कायद्यात वीस दिवस तीव्र वेदना राहिल्या किंवा नेहमीची कामं करता आली नाहीत तर ती गंभीर दुखापत धरायचे. नव्या संहितेच्या कलम ११६ मध्ये ती मुदत पंधरा दिवस झाली आहे. तुमच्याकडे तडा आहेच, त्यामुळे ते वेगळं सिद्ध करायची गरज नाही, पण भावाला तोल जाण्याचा त्रास आहे तो दर भेटीत डॉक्टरकडून लिहून घ्या. नुसतं तोंडी सांगून परत येऊ नका.

वऱ्हाडी पाऊलवाट | मंगळवार, सकाळी ८.२०

शेवंतीताई, तुमच्या भावाला लवकर बरं वाटो. मी दुसऱ्या बाजूचं लिहितो आहे, राग मानू नका.

आमच्या गावात दोन वर्षांमागं असंच भांडण झालं. फिर्यादीत सात नावं. त्यात माझा धाकटा भाऊ. तो भांडणाच्या जागी होता, हे मी नाकारत नाही, पण तो सोडवायला गेला होता. फिर्यादीत एक वाक्य, "वरील सर्वांनी मिळून लाथाबुक्क्यांनी व काठ्यांनी मारहाण केली." कुणी काय केलं, काही नाही. कोयता एकाच्याच हातात होता. माझा भाऊ एक्केचाळीस दिवस जेलात राहिला. सत्र न्यायालयानं अर्ज फेटाळला, कारण तपास चालू होता आणि एक जखमी दवाखान्यात होता. दोषारोपपत्र दाखल झाल्यावर नागपूर खंडपीठात गेलो. तिथं वकिलांनी एवढंच दाखवलं की भावाच्या नावावर ठरावीक कृत्य एकही नाही, हत्यार त्याच्याकडून जप्त नाही, आधीचा गुन्हा नाही, तपास संपला आहे. जामीन झाला. ज्याच्या हातात कोयता होता त्याला नाही झाला, आणि ते आम्हालाही बरोबर वाटलं.

जामिनाची अट होती की तालुक्यात पाय ठेवायचा नाही आणि दर रविवारी ठाण्यात हजेरी. आई आजारी पडली तेव्हा परवानगी काढून एका दिवसासाठी आला. तुम्हाला जे मोटारसायकलवर दिसले त्यांना अशी अट आहे का, ते बघा. नसेल तर निदान तेवढी तरी मागता येईल. एका गावात, एका बांधावर दोन्ही घरं राहणार असतील तर ही अट दोघांच्याही भल्याची असते.

शेवंती | मंगळवार, सकाळी १०.०५

राग कशाचा, दादा. तुमच्या आईनं काय सोसलं असेल ते कळतं. आमच्या वहिनीनं फिर्यादीत तिघांनी काय केलं ते वेगवेगळं सांगितलंय. काकांनी हात उचलला नाही, हेही तिनं सांगितलंय. पोलिसच म्हणत होते, "त्यांच्याही हातात काठी लिहू का?" ती नको म्हणाली.

काळा डगला | मंगळवार, दुपारी २.३०

ताई, तुमच्या वहिनींनी जे केलं त्याचं मोल त्यांना माहीत नसेल. तिघांच्या हातात हत्यार घातलं असतं तर आज तिघांचेही वकील म्हणाले असते की फिर्याद फुगवलेली आहे, आणि कोर्टाला ते पटलंही असतं.

तुम्ही विचारलं, कोर्ट ठरवतं कशावर. प्रशांत कुमार सरकार विरुद्ध आशिष चटर्जी (२०१०) या निकालात सुप्रीम कोर्टानं मुद्दे सांगितलेत. सकृद्दर्शनी गुन्हा केला असं मानायला जागा आहे का, आरोप किती गंभीर, शिक्षा किती, आरोपी पळून जाईल का, त्याची वागणूक आणि समाजातली पत, गुन्हा पुन्हा करेल का, साक्षीदारांवर दबाव येईल का, जामिनानं न्यायाला बाधा येईल का. वाचायला हे सगळं सारखं वाटतं. मारहाणीच्या प्रकरणात मात्र प्रत्यक्षात पहिला अर्धा तास तीनच गोष्टींवर जातो. हत्यार कोणतं, घाव कुठं, आणि तो कुणी घातला. पायावर काठी आणि डोक्यात तुंबा यांत जमीन-अस्मानाचा फरक. काठी मारणारा आणि तुंबा घालणारा एकाच फिर्यादीत असले तरी त्यांचे अर्ज वेगवेगळे तोलले जातात. मला वाटतं, तुमच्या काकांचा जामीन टिकेल. धाकट्याचाही बहुधा टिकेल. जोर थोरल्यावर लावा. तिघांवर सारखा अर्ज केलात तर थोरल्याविरुद्धचा मुद्दा पातळ होतो.

मग येतो तपासाचा टप्पा. हत्यार जप्त व्हायचं असेल तर कोर्ट पोलिसांना वेळ देतं, म्हणून मारहाणीत अटकपूर्व जामीन अवघड जातो. हत्यार जप्त, जबाब पूर्ण, दोषारोपपत्र दाखल, असं झालं की आत ठेवायचं कारण कमी होत जातं. जखमी दवाखान्यातून घरी आला हेही आरोपीचे वकील आवर्जून सांगतात, आणि कोर्ट ते ऐकतं.

आता तुमच्यासाठी मला तिसरी वाट दिसते आणि ती सगळ्यांत सरळ आहे. पोलिसांनी डॉक्टरांचं अंतिम मत घेऊन ११८(२) वाढवलं, तर जामीन मिळालेला गुन्हा एक आणि आता उभा राहिलेला गुन्हा दुसरा. प्रदीप राम विरुद्ध झारखंड राज्य या २०१९ च्या निकालात सुप्रीम कोर्टानं हेच हाताळलंय. जामिनानंतर जास्त गंभीर, अजामीनपात्र कलम वाढलं तर पोलिसांना आपल्या मनानं पुन्हा अटक करता येत नाही. त्यांनी कोर्टाकडून तसा आदेश घ्यायचा. आरोपीही स्वतः हजर होऊन नव्या कलमासाठी जामीन मागू शकतो. म्हणजे पहिल्या आदेशावर चिखलफेक करायची गरज नाही. मॅजिस्ट्रेटसमोर जे होतं त्यावर त्यांनी ठरवलं. आता समोर वेगळं आहे.

कुणी तुम्हाला लगेच कलम १०९, खुनाचा प्रयत्न, लावून देतो म्हणेल. त्यावर थोडं थांबा. १०९ मध्ये इजा किती झाली यापेक्षा हेतू काय होता हे मोठं. सुप्रीम कोर्टानं आपल्याच राज्यातल्या बलराम बामा पाटील प्रकरणात १९८३ मध्ये सांगितलंय की इजा जीवघेणी असलीच पाहिजे असं नाही, हेतू आजूबाजूच्या गोष्टींवरून ठरतो. एकच घाव की अनेक, पात्याऐवजी तुंबा का, मारताना तोंडातून काय निघालं, थांबले ते आपणहून की माणसं आली म्हणून. तुमच्याकडे "धरा, सोडू नका" आहे, माणसं धावल्यावर थांबले हे आहे. उलट बाजूला एकच घाव आणि तोही तुंब्याचा. हे दोन्ही बाजूंनी बोललं जाईल. ते शेजारच्या रानातल्या माणसांच्या जबाबावर राहील.

निशिगंध | मंगळवार, रात्री ११.४०

दर्शन नावाच्या कन्नड नटाचा जामीन सुप्रीम कोर्टानं रद्द केला, कुस्तीगीर सुशील कुमारचा रद्द केला. मोठी प्रकरणं दिल्लीपर्यंत जातात. शेतकऱ्याच्या घरातल्या बाईचं कोण ऐकणार, हा माझा खरा प्रश्न आहे.

काळा डगला | बुधवार, सकाळी ७.४५

प्रश्न रास्त आहे. ती दोन्ही प्रकरणं ऑगस्ट २०२५ मधली, एका दिवसाच्या अंतरानं. १३ ऑगस्टला सुशील कुमार, १४ ला दर्शन. दोन्हींत मारहाणीत माणूस गेलाय, म्हणजे खुनाचं कलम आहे, तेव्हा शेवंतीताईंच्या प्रकरणाला ती जशीच्या तशी लागू होत नाहीत. पण एक गोष्ट घेण्यासारखी आहे. सुशील कुमारच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टात सरकार गेलं नव्हतं, मृत कुस्तीगिराचे वडील गेले होते. लखीमपूर खेरीच्या, आंदोलक शेतकऱ्यांच्या अंगावर गाडी घातल्याच्या प्रकरणातही २०२२ मध्ये मृतांच्या घरचे गेले होते. अलाहाबाद उच्च न्यायालयानं आरोपी आशिष मिश्राला जामीन देताना घरच्यांचं म्हणणं ऐकलं नव्हतं. व्हिडिओ कॉन्फरन्स तुटली आणि त्यांना पुन्हा ऐकण्याची विनंती केली ती विचारात घेतली नाही, ही तक्रार सुप्रीम कोर्टानं मनावर घेतली. १८ एप्रिल २०२२ च्या त्या निकालात स्पष्ट म्हटलंय की तपासापासून अपिलापर्यंत प्रत्येक टप्प्यावर पीडिताला म्हणणं मांडायचा हक्क आहे. जामीन रद्द करून अर्ज नव्यानं ऐकायला परत पाठवला.

तुम्हाला दिल्लीला जायचं नाही. तालुका कोर्टात, पुढच्या तारखेला, आपला वकील सरकारी वकिलांच्या मदतीला उभा करायचा हक्क तुम्हालाही आहे. साताऱ्यापासून सिंधुदुर्गापर्यंतच्या सहा जिल्ह्यांना उच्च न्यायालयासाठीही आता मुंबई गाठावी लागत नाही. कोल्हापूरचं सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून सुरू आहे.

रमाईची लेक | बुधवार, दुपारी १२.२०

वर कुणीतरी लिहिलं की जामिनाविरुद्ध अपील नसतं. एक अपवाद आहे आणि तो आमच्या घरानं वापरलाय, म्हणून सांगते. अनुसूचित जाती-जमाती अत्याचार प्रतिबंधक कायदा लागला असेल तर विशेष न्यायालयानं जामीन दिला काय किंवा नाकारला काय, त्यावर उच्च न्यायालयात अपीलच करायचं असतं. कलम १४अ, मुदत नव्वद दिवस. आणि कलम १५अ प्रमाणे जामिनाच्या सुनावणीची सूचना पीडिताला मिळालीच पाहिजे, त्याचं म्हणणं ऐकलंच पाहिजे. सुप्रीम कोर्टानं हरिराम भांभी प्रकरणात २०२१ मध्ये हे बंधनकारक आहे असं सांगितलं. माझ्या मामाला मारलं तेव्हा आम्हाला सूचना आली नव्हती. अपिलात पहिला मुद्दा तोच घेतला. आदेश रद्द झाला, अर्ज पुन्हा ऐकला, त्या वेळी आई स्वतः कोर्टात उभी राहिली. जामीन शेवटी दोघांना मिळालाच, पण गावाबाहेर राहायच्या अटीवर. आई म्हणाली, निदान माझं ऐकून मग दिला.

पाणमळा | बुधवार, दुपारी १.००

आणि शिक्षा झाल्यावर अपील करतात तेव्हा बाहेर येतात, ते कशात बसतं?

काळा डगला | बुधवार, दुपारी ३.१०

ते वेगळं. तिथं दोष सिद्ध झालेला असतो, म्हणून निर्दोष मानण्याचं संरक्षण उरत नाही. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४३० खाली शिक्षेला स्थगिती मागायची आणि त्यासोबत जामीन. तीन वर्षांपर्यंतची शिक्षा असेल आणि आरोपी आधीपासून जामिनावर असेल तर शिक्षा देणारं कोर्टच अपिलापुरता वेळ देतं. दहा वर्षं किंवा जास्त शिक्षेच्या गुन्ह्यात सरकारी वकिलांना लेखी विरोधाची संधी द्यावी लागते. मारहाणीत दोन-तीन वर्षांची शिक्षा असेल तर स्थगिती सहसा मिळते, कारण अपील ऐकायला येईपर्यंत शिक्षाच भोगून संपेल.

शेवंती | पुढचा सोमवार, रात्री ९.१५

सगळ्यांचे मनापासून आभार. शिरस्तेदार काका, नकला मिळाल्या. तुम्ही म्हणालात तसंच निघालं. से सहा ओळींचा. "जखमी उपचार घेत आहे" एवढं आहे, कुठं घेत आहे, कशाचे, काही नाही. सोबत ग्रामीण रुग्णालयाचं प्रमाणपत्र. त्यात "साधी" आणि खाली अगदी बारीक अक्षरात "सीटी स्कॅनकरिता रवाना". आदेशात न्यायाधीशांनी लिहिलंय, "इजा साध्या स्वरूपाची असल्याचे दिसते, सबब..." आठवडाभर मी त्या न्यायाधीशांना मनातल्या मनात खूप बोलले होते. तो कागद हातात घेतल्यावर बोलवेना.

वकीलबाई केल्या. त्यांनी तपास अधिकाऱ्यांना अर्ज लिहून दिला की अंतिम मत घ्या, आणि एक प्रत वरच्या साहेबांना. चार दिवसांत पत्र गेलं, मत आलं, "गंभीर". ११८(२) वाढलं. थोरल्याला ताब्यात घेण्यासाठी पोलिसांनी सत्र न्यायालयात अर्ज टाकलाय, आम्ही त्यात आमचा अर्ज जोडला. काका आणि धाकट्यासाठी फक्त अट मागितली की आमच्या वस्तीकडे आणि वहिनीच्या रस्त्यावर यायचं नाही. १०९ चं वकीलबाई म्हणाल्या, शेजाऱ्यांचे जबाब आधी होऊ द्या. दोघांनी दिलेत. तिसरा म्हणतो, मला दोन्ही घरांशी राहायचंय. त्याला मी काही बोलले नाही. साक्षीदारांना संरक्षण देण्याची २०१८ ची योजना आहे आणि जिल्हा न्यायाधीशांच्या समितीकडे अर्ज करता येतो, एवढं बाईंनी त्याला समजावून सांगितलं. तो विचार करतोय.

अठरा तारखेला सुनावणी आहे. बाईंनी सांगितलंय, नुसता सीटीचा रिपोर्ट नको, फिल्म आणा. वहिनीनं ती ट्रंकेत लग्नाच्या शालूच्या घडीत ठेवलीय, दुमडू नये म्हणून.

काळा डगला | पुढचा सोमवार, रात्री १०.०२

ताई, फिल्म शालूतून काढून थेट कोर्टात नेऊ नका. आधी तपास अधिकाऱ्याकडे द्या, लेखी पोच घ्या, पंचनाम्यानं ती गुन्ह्याच्या कागदात येऊ दे. तुमच्या हातून थेट आली तर समोरचे वकील विचारतील, इतके दिवस ही कुठं होती. अठराच्या आत हे करा. आणि दादांच्या डिस्चार्ज कार्डाच्या दोन प्रती काढून ठेवा.

शेवंती | पुढचा सोमवार, रात्री १०.१०

उद्या सकाळी पहिल्या एसटीनं जाते.